शेगडी, सिरका आणि शेजार

‘फ्यूजन’ हा शब्द आता आमच्या वसईतील घरांत परका राहिलेला नाही. नाताळपासून तीन राजांच्या सणापर्यंत थंडीच्या रात्री अंगणात जाळीची शेगडी पेटते, आणि आखातातून वा कॅनडातून सुटीवर आलेली मुले मांसाला सोया सॉस, तीळ, मध असे काहीबाही चोळीत बसतात. घरातील आजीबाई ओटीवरून पाहतात आणि म्हणतात, “असले आमच्या वेळी नव्हते!” धर्मगुरूला दोन्ही पिढ्यांच्या पंक्तीस बसावे लागते, म्हणून या विषयावर चार शब्द लिहिण्याचा अधिकार आम्ही घेत आहोत.

आजीबाईंचे म्हणणे अर्धेच खरे आहे. ज्या विंदालूशिवाय त्यांचा नाताळ साजरा होत नाही, तो मुळात पोर्तुगीजांचा ‘विन्या दाल्युश’. म्हणजे द्राक्षमद्य वा सिरका आणि लसूण यांत मुरविलेले मांस. मदेरा बेटावर ते आजही नाताळातच शिजते. आपल्याकडे द्राक्षमद्याच्या जागी ताडीमाडीचा सिरका आला, आणि वर पडली मिरची. ती तरी आपली कुठे? तीही पोर्तुगीज गलबतांतून अमेरिकेकडून आली. वसईवर त्यांचा अंमल १५३४ ते १७३९ पर्यंत होता. दोन शतकांत स्वयंपाकघराची सरमिसळ होणे अटळच होते. पण ही सरमिसळ केवळ ख्रिस्ती चुलीवर झाली असे कोणी समजू नये. शेजारच्या हिंदू घरात एकादशीला जे चालते, ते बटाटा, रताळे, शेंगदाणा, साबुदाणा, हिरवी मिरची हे सारे अमेरिकेच्या मातीतले. गंमत म्हणजे ‘बटाटा’ हा शब्द कॅरिबियन बेटांवर मूळचा रताळ्याचा! उपवासाचे ताट हेही फ्यूजनच आहे, हे आम्ही एका शेजाऱ्यांना सांगितले तेव्हा ते मनमुराद हसले.

आता मांसाविषयी. महाराष्ट्रात गोवधास १९७६ च्या कायद्याने बंदी होतीच. मार्च २०१५ पासून बैल व वळू यांचाही तीत समावेश झाला. तेव्हापासून आपल्या घरांत ज्याला ‘बीफ’ म्हणतात ते म्हशी-रेड्याचेच मांस होय. ते चरबीला कमी, तंतूला चिवट. निखाऱ्यावर नुसते टाकले तर चामडे होते. म्हणून अर्धा इंच जाडीचे काप तंतूंना आडवे कापावेत, आणि सिरका, लसूण, आले व घरचा बाटली मसाला लावून रात्रभर ठेवावेत. किलोभर मांसाला दोन चमचे किसलेली कच्ची पपई पुरते. तीही भाजण्याआधी दोन तासच, नाहीतर मांसाचा लगदा होतो. कोरियन लोक हेच काम नासपतीकडून करून घेतात. त्यांच्या ‘बुलगोगी’त सोया सॉस, तिळाचे तेल व नासपतीचा रस असतो. तेव्हा कॅनडाहून आलेल्या मुलाची बाटली आजीच्या मसाल्याशी भांडत नाही. मधाऐवजी गूळ घ्यावा असे आमचे मत आहे, परंतु तो अगदी शेवटी, उतरविण्यापूर्वी मिनिटभर लावावा. आधी लावल्यास करपून कडू होतो. ज्वाळा विझून निखाऱ्यांवर राखेची पांढरी साय धरेपर्यंत धीर धरणे, हे मात्र तरुणांना जमता जमत नाही.

थंडीतील भाज्यांना यापेक्षा कमी लाड लागतात. रताळी व कोनफळ सालीसकट राखेत पुरावीत. त्यांना पाऊण तास लागतो, म्हणून पहिला मान त्यांचा. गाजर, वालपापडी, पातीचा कांदा यांना मीठ, ओवा व थोडे तेल लावून केळीच्या पानात बांधावे. ओल्या लसणाची पात शेवटी वर चिरून घालावी. हे सारे आम्हांला मांसाहून अधिक आवडते, हे येथे हळूच सांगून टाकतो.

खरा प्रश्न यापुढचा आहे. अंगण उघडे असते, धूर कुंपण ओळखत नाही आणि शेजारी बोलावलेले असतात. २०१५ नंतर काही कुटुंबांत या मांसाचे नावच कुजबुजत घेतले जाते. शेगडी मागच्या दारी जाते आणि शेजाऱ्यांना फक्त करंज्या-नेवऱ्यांचे ताट पोहोचते. काही जण नेमके उलट करतात. ‘आमचे घर, आमचा सण’ असे म्हणून तेच मांस मुद्दाम पुढे मांडतात. आम्हांला दोन्ही रुचत नाही. संत पौलाने करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्रात मांसाचाच वाद आहे. खाण्यास मोकळीक आहे, असे तो नि:संकोच सांगतो. पण आपल्या खाण्याने बंधू अडखळत असेल, तर आपण मांस कधीच खाणार नाही, असेही तोच सांगतो. सेमिनरीत आम्ही हा अध्याय शिकलो, तेव्हा तो जुन्या मूर्तिपूजक बाजारपेठेचा इतिहास वाटला होता. आज तो थेट अंगणातला वाटतो.

म्हणून आमच्या धर्मग्रामातील कुटुंबांना आम्ही दोन शेगड्यांचा आग्रह करतो. भाज्यांची शेगडी आधी पेटवावी आणि वाऱ्याच्या वरच्या बाजूला ठेवावी. तिच्यावर मांस कधीही ठेवू नये. उद्या कोणी विचारले तर गृहिणीला खरे तेच सांगता आले पाहिजे. मांस कशाचे आहे हेही विचारणाऱ्याला सरळ सांगावे. बसण्याच्या खुर्च्या मात्र दोन्ही शेगड्यांच्या मधोमध, एकाच वर्तुळात मांडाव्यात. चिमटेही दोन लागतात. एकाला लाल दोरा बांधून ठेवला म्हणजे काळोखात घोटाळा होत नाही.