सात सामने, सात पराभव

हैदराबादेतील आपल्या मराठी मंडळींत फुटबॉलचा विषय निघाला की सय्यद अब्दुल रहीम यांचे नाव निघतेच, आणि ते योग्यच आहे. पेशाने शिक्षक असलेल्या या गृहस्थांनी शहर पोलिसांचा संघ असा घडविला की १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे रोव्हर्स चषक मुंबईहून हैदराबादेत आला. १९५१ आणि १९६२ ची आशियाई सुवर्णपदके, १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमधील चौथे स्थान, ही त्यांच्याच मार्गदर्शनाची फळे. १९६३ साली ते गेले. आम्ही महाविद्यालयात गेलो तेव्हा त्या वैभवाच्या गोष्टी तेवढ्या उरल्या होत्या. चांगले खेळाडू कलकत्त्याची वाट धरीत. सप्टेंबर १९७७ मध्ये पेले ईडन गार्डनवर उतरले. २-२ अशा बरोबरीत सुटलेल्या त्या सामन्यात मोहन बागानचा एक गोल आपल्या हैदराबादच्या मोहंमद हबीब यांचा होता. ती बातमी आम्ही काचीगुड्याच्या एका इराणी हॉटेलात मोठ्याने वाचून दाखविली होती. त्याच हंगामात आमचा महाविद्यालयीन संघ सात सामने खेळला आणि सातही हरला.

पुढे सरकारी नोकरीत असंख्य विवरणपत्रांच्या रकान्यांत आम्ही 'निल' असे लिहीत आलो. त्याचा सराव बहुधा तेव्हाच झाला असावा. सातांपैकी चार सामन्यांत आमचा एकही गोल नव्हता.

संघात मराठी घरांतली आम्ही तिघे. सुलतान बाजार, इसामिया बाजार या भागांतल्या आमच्या घरांना क्रिकेट समजे, खो-खो समजे. फुटबॉल म्हणजे पोलिसांचा आणि छावणीकडच्या पोरांचा खेळ. घरी शुद्ध मराठी आणि मैदानावर दखनी, असा आमचा दुहेरी संसार होता. हरून घरी आलो की वडील निकाल विचारीत नसत, घटक चाचणीचे गुण विचारीत. त्या काळी आम्हांला तो कठोरपणा वाटे.

आम्हांला शिकवायला येत ते पोलिस खात्यातून निवृत्त झालेले एक वृद्ध खेळाडू. सारे त्यांना उस्ताद म्हणत. रहीमसाहेब मुलांसाठी केवळ दुबळ्या पायाने खेळण्याच्या स्पर्धा भरवीत. उस्तादांनी तोच रिवाज आमच्यावर चालविला. आठवड्यातून दोन दिवस उजव्या पायाने चेंडूला शिवायचे नाही. शिवाय चेंडू पायाशी फार वेळ खेळवायचा नाही, जमिनीलगत लगेच पुढे द्यायचा. हे शास्त्र उत्तम होते, पण ते अमलात आणायला आमच्याजवळ वेळ नव्हता. विज्ञान शाखेची मुले दुपारच्या प्रात्यक्षिकांत अडकत, आघाडीचे दोघे हंगामाच्या आरंभीच एका कचेरीच्या संघात गेले, बूट मापाचे नव्हते म्हणून आत कागद कोंबावे लागत. प्रतिस्पर्धी चेंडू उंच मारून आमच्या डोक्यांवरून नेत आणि आम्ही जमिनीलगत शास्त्र पाळीत असू.

पराभव साऱ्या संघाचा असतो असे म्हणण्याची रीत आहे. आमचा तसा नव्हता. आम्हां कारकुनांच्या मुलांना तो चारचौघांत ओशाळवाणा वाटे, इतकेच. परीक्षा, अर्ज, स्पर्धा परीक्षा हा आमचा रस्ता ठरलेला होता. आमचा सेंटर हाफ सिकंदराबादच्या बाजूचा, रेल्वेच्या हमालाचा मुलगा. त्याला नोकरी मिळण्याचा एकच मार्ग दिसत होता आणि तो मैदानातून जात होता. पोलिस, रेल्वे, वीज मंडळ, बँका अशा संस्थांचे संघ तरुण खेळाडू निवडून नोकरीत घेत. परंतु निवडणारी माणसे उपांत्य फेरीला येत, आणि तिथवर आम्ही त्याला कधी नेलेच नाही.

हे उस्तादांच्या ध्यानात आमच्या आधी आले. सातव्या सामन्याला त्यांनी आपल्या एका जुन्या सोबत्याला गळ घालून आणले. हे सोबती एका संस्थेच्या संघासाठी खेळाडू पाहत. त्या दिवशी उस्तादांनी आम्हांला डावपेच सांगितलेच नाहीत. "आज हर गेंद इसकेच पास जाना, बस," एवढेच म्हणाले. आम्ही तसे खेळलो. तो पहिल्या अर्ध्यात फार सुरेख खेळला. आमचा त्या दिवशीचा एकमेव गोल त्याच्याच पासावर झाला. दुसऱ्या अर्ध्यात त्याच्या पोटऱ्यांत गोळे आले. आम्ही १-४ हरलो. पाहुणे चहा पिऊन, उस्तादांशी दोन शब्द बोलून गेले. बोलावणे आले नाही. पुढल्या वर्षी तो एका छापखान्यात लागला.

नंतर आमच्या मेजावर क्रीडा कोट्याच्या नस्त्या येत. आंतरविद्यापीठ किंवा राज्यस्तरीय सहभागाचे प्रमाणपत्र असेल तर पुढे, नसेल तर परत. नियम चुकीचा म्हणवत नाही. नाहीतर मोजायचे तरी कशाने? पण हरलेल्या संघातल्या उत्तम खेळाडूसाठी त्यात रकाना नाही, हे आम्हांला प्रत्येक वेळी दिसत असे.

२०१९ साली, आमच्या निवृत्तीनंतर, तो सिकंदराबादच्या एका मैदानावर भेटला. दहा-बारा वर्षांच्या पोरांना शिकवीत होता. पोरांच्या उजव्या पायांना रुमाल बांधलेले. त्या पायाने चेंडूला शिवायचे नाही याची ती खूण. छापखान्यातून निवृत्त झाल्यावर रोज येतो म्हणाला, पैसे घेत नाही. हबीब कसे आहेत, असे आम्ही विचारले. ते तेव्हा होते, २०२३ च्या ऑगस्टमध्ये गेले. मग आमच्या हंगामाचा विषय निघाला. सातवा सामना त्याने काढलाच नाही. त्याला आठवत होता तिसरा, जो आम्ही १-२ हरलो आणि ज्यात चेंडू एकदा सलग नऊ जणांकडून फिरून गोलात गेला होता. आम्ही म्हणालो, सात जणांकडून. तो म्हणाला, नऊ. त्याने एकेकाचे नाव घेत बोटे मोजायला सुरुवात केली. पाचवे नाव आमचे होते.