दोनदा गेलेला बाप

हंगेरियन दिग्दर्शिका मार्ता मेसारोशच्या 'दत्तक' या चित्रपटातली काता त्रेचाळीस वर्षांची, नवरा गेलेली, कारखान्यात लाकूडकाम करणारी बाई. तिला मूल हवंय. आधी ती डॉक्टरांकडून स्वतःची तपासणी करून घेते, मग विवाहित मित्राला सांगते. तो कचरतो. ना अश्रूंचा पूर, ना रडकं संगीत. कॅमेरा तिच्या चेहऱ्याला आणि लाकडावर फिरणाऱ्या हातांना खेटून असतो. सरकारी प्रचाराच्या पोस्टरवरची कामगार बाई हसतमुख असायची. ही दमलेली आहे. 1975 साली या कृष्णधवल चित्रपटाला बर्लिन महोत्सवाचं सुवर्ण अस्वल मिळालं. ते मिळवणारी मेसारोश पहिली स्त्री-दिग्दर्शक.

काही वर्षं तिचा नवरा असलेला दिग्दर्शक मिक्लोश यांचो मोकळ्या मैदानातल्या घोडेस्वारांभोवती कॅमेरा लांबलचक फिरवायचा. हिचा कॅमेरा बाईच्या खोलीत शिरला की हलायला तयार नसे. मला हिची खोली जास्त भावते.

1968 च्या पहिल्या कथापटातच अनाथालयात वाढलेली मुलगी खेड्यातल्या आईला शोधत जाते, आणि आई तिची ओळख भाची म्हणून करून देते. हे कुठून आलं ते उघड आहे. मार्ताचे वडील लास्लो शिल्पकार. कम्युनिस्ट स्वप्नाच्या ओढीने ते कुटुंबासह सोव्हिएत किरगिझस्तानात गेले. 1938 मध्ये त्यांना अटक झाली, ते परतलेच नाहीत. आईही तिकडेच वारली. पोर 1946 साली हंगेरीत आली आणि पुढे सिनेमा शिकायला गेली तीही मॉस्कोलाच!

हे सगळं थेट सांगायला तिला ऐंशीचं दशक उजाडावं लागलं. 'माझ्या मुलांसाठी रोजनिशी'तली युली पक्षनिष्ठ माग्दाच्या घरात कोंडल्यासारखी राहते, शाळा बुडवून सिनेमे पाहते. आठवणीत पांढऱ्याशुभ्र दगडखाणीत बाप काम करताना दिसतो. त्याला तिथूनच उचलून नेतात. पुढे बुडापेस्टमध्ये तिला यानोश भेटतो, मायेचा, थकलेला. बाप आणि यानोश, दोन्ही भूमिका यान नोवित्स्कीच्याच. कान महोत्सवाच्या परीक्षकांनी 1984 साली या चित्रपटाला विशेष ग्रां प्री दिलं. माझ्या मते बक्षीस या निवडीलाच द्यायला हवं होतं. मुलगी तोच चेहरा शोधणार, हे दिग्दर्शिकेला पक्कं ठाऊक होतं. म्हणून तिने तो तिला परत दिला. आणि मग हुकूमशहा राकोशीच्या पोलिसांकरवी यानोशलाही पकडून नेलं.