यादीतील खेळ आणि आमचा निवाडा

स्मरणिकेसाठी लेख द्यावा, असा संपादक मंडळाचा निरोप आला तेव्हा वसतिगृहातील पहिले दिवस, दिवंगत सहकारी, पहिल्या तुकड्यांतील विद्यार्थी असे अनेक विषय मनात येऊन गेले. त्यांवर इतर सहकारी अधिकाराने लिहितील. आम्ही येथे आमच्या एका चुकीविषयी लिहिणार आहोत. ती शाळेच्या संगणक खोलीत घडली आणि तिची किंमत एका विद्यार्थ्याला व त्याच्या वडिलांना मोजावी लागली.

2023 च्या जूनमध्ये पुण्यात नोकरी करणाऱ्या आपल्या एका माजी विद्यार्थ्याने स्वतःच्या वापरातील संगणक शाळेस भेट दिला. त्यात 4 जीबी स्मृतीचे जीटीएक्स 1650 हे ग्राफिक्स कार्ड होते. एवढ्या ताकदीचा संगणक शाळेत प्रथमच येत होता. ‘असॅसिन्स क्रीड’ या खेळमालिकेतील प्राचीन इजिप्तची ‘डिस्कव्हरी टूर’ त्याने आमच्या आग्रहावरून त्यात घालून दिली होती. फेब्रुवारी 2018 मध्ये प्रसिद्ध झालेल्या या टूरमध्ये लढाया नाहीत, हाणामारी नाही. टॉलेमी राजवंशाच्या काळातील अलेक्झांड्रिया, पिरॅमिड, नाईलकाठची शेती, ममी तयार करण्याची पद्धत अशा 75 मार्गदर्शित फेऱ्या त्यात आहेत. विशेष म्हणजे, कोठे इतिहासापासून फारकत घेतली हे निर्मात्यांनी स्वतःच सांगितले आहे. शाळेच्या दृश्यात मुलगे आणि मुली एकत्र शिकताना दिसतात. त्या काळी प्रत्यक्षात तसे नव्हते, हे त्यांनी लपविलेले नाही. इतिहासाच्या शिक्षकाला आणखी काय हवे? शनिवारचा शेवटचा तास आम्ही या फेरफटक्यासाठी राखून ठेवला.

पहिल्याच शनिवारी फजिती झाली. प्रोजेक्टरवर अलेक्झांड्रियाचा दीपस्तंभ अडखळत, धक्के खात सरकू लागला. मुले हसू लागली. तेव्हा नववीतील एक विद्यार्थी पुढे आला. संगणक खोलीची किल्ली त्याच्याकडेच असे. त्याने कार्डासोबत येणारे ‘जीफोर्स एक्सपिरियन्स’ नावाचे सॉफ्टवेअर उघडले आणि आम्हांला समजावून सांगितले, “सर, आपल्या कार्डाला किती झेपेल ते बघून हे चित्राची मांडणी सुचवतं. पण यानं मोठ्या पडद्याचा हिशोब धरलाय. आपला प्रोजेक्टर लहान आहे.” त्याने रिझोल्यूशन 1920 गुणिले 1080 वरून 1024 गुणिले 768 वर आणले, एका टोकाला ‘गती’ आणि दुसऱ्या टोकाला ‘दर्जा’ असलेली सरकपट्टी गतीकडे ओढली आणि बटण दाबले. दीपस्तंभ स्थिर झाला. त्या दिवशी आम्ही त्याची पाठ थोपटली.

पुढे ऑगस्टमध्ये एका सायंकाळी आम्ही तेच सॉफ्टवेअर एकटेच उघडून बसलो होतो. मुखपृष्ठावर खेळांच्या चित्रांची यादी दिसली. डिस्कव्हरी टूरशेजारी दोन वेगळे खेळ होते, दोन्ही बंदुकांचे. दोहोंवर हिरवी खूण होती. खेळाची मांडणी कार्डाला साजेशी करून ठेवली आहे, असा त्या खुणेचा अर्थ, एवढे आम्हांला ठाऊक होते. मांडणी केली म्हणजे कोणी तरी केली. किल्ली एकाच मुलाकडे. रात्रीच्या अभ्यासाच्या वेळी हा मुलगा येथे येऊन खेळत बसतो, असा निष्कर्ष आम्ही पाच मिनिटांत काढला.

दुसऱ्या दिवशी त्याला बोलावून विचारले. तो म्हणाला, “मी नाही खेळलो, सर.” आम्ही यादीकडे बोट दाखविले. तो पुन्हा तेच म्हणाला आणि गप्प झाला. त्याची ती शांतता आम्हांला उद्धटपणा वाटली. किल्ली काढून घेतली आणि वडिलांना निरोप धाडला. वडील शेतमजूर. दोन एस्टी बदलून, दिवसाची मजुरी बुडवून ते आले. कार्यालयात खुर्ची दिली तरी बसले नाहीत. हात जोडून एवढेच म्हणाले, “सर, चुकलं असंल तर शिक्षा करा, पण शाळेतून काढू नका.” आम्ही त्यांना उपदेश केला. तो उपदेश आज आठवला की मान खाली जाते.

त्यानंतर बारा दिवस संगणक खोली बंदच होती. किल्ली आमच्या खिशात. तेराव्या दिवशी आम्ही स्वतः कुलूप काढले आणि सॉफ्टवेअर अद्ययावत करून घेतले. थोड्या वेळाने यादीकडे लक्ष गेले आणि आम्ही थबकलो. यादीत आणखी एक खेळ आला होता. त्यावरही हिरवी खूण होती.

बारा दिवस बंद असलेल्या खोलीत हा खेळ कोणी आणला, कोणी त्याची मांडणी केली? मग ज्या गोष्टी आधी तपासायला हव्या होत्या त्या आम्ही तपासू लागलो. सेटिंगमध्ये शिरल्यावर उलगडा झाला. हे सॉफ्टवेअर ठरावीक फोल्डर स्वतःहून धुंडाळते. आपल्या ओळखीचा खेळ सापडला की त्याला यादीत घेते. अद्ययावत झाल्यावर त्याच्या ओळखीच्या खेळांची संख्या वाढते, म्हणून डिस्कवर आधीपासून असलेला खेळही एके दिवशी अचानक यादीत उगवतो. नव्याने सापडलेल्या खेळाची मांडणी आपोआप करावी, असा एक पर्याय तेथे असतो आणि तो सुरूच होता. हिरव्या खुणेमागे कोणाचाही हात नव्हता.

आम्ही त्या खेळांच्या जतन केलेल्या फाइलींवरील तारखा पाहिल्या. एकही तारीख संगणक शाळेत आल्यानंतरची नव्हती. शेवटी देणगीदार विद्यार्थ्याला फोन केला. तो हसून म्हणाला, “सर, ते माझेच खेळ. दुसऱ्या ड्राइव्हवर होते, काढायचे राहून गेले.” त्याला हसू येणे स्वाभाविक होते. आम्हांला मात्र घाम फुटला.

इतिहास विषयात आम्ही एम.ए. केले आहे. साधन कोणी निर्माण केले, केव्हा केले, कशासाठी केले, हे विचारल्याशिवाय त्याची साक्ष घेऊ नये, हा या विषयाचा पहिला धडा. कोठारातील वस्तूंची यादी कोठारात काय होते ते सांगते. ते कोणी वापरले हे सांगत नाही. वर्षानुवर्षे फळ्यावर लिहिलेले हे वाक्य आम्हांला आमच्याच संगणक खोलीत आठवले नाही. त्याहून अधिक बोचते ते हे की, जिवंत साक्षीदार समोर उभा राहून दोनदा नाही म्हणत होता आणि आम्ही पडद्यावरील खुणेवर विश्वास ठेवला.

सोमवारच्या परिपाठात सर्व विद्यार्थ्यांसमोर आम्ही त्या मुलाची क्षमा मागितली आणि किल्ली त्याच्या हाती परत दिली. रविवारी त्याच्या गावी गेलो. वडिलांच्या बुडालेल्या मजुरीचे पैसे पुढे केले. त्यांनी ते घेतले नाहीत. “पोरगं खोटं बोललं नाही, एवढं कळलं, बास झालं,” असे म्हणून त्यांनी आमच्यापुढे चहा ठेवला.

पालकांना आणि माजी विद्यार्थ्यांना या निमित्ताने चार व्यावहारिक गोष्टी सांगाव्याशा वाटतात. घरच्या संगणकावर अशी यादी दिसली, तर खेळ डिस्कवर आहे एवढेच तीवरून सिद्ध होते. यादीतून चित्र काढून टाकले म्हणजे खेळ पुसला जात नाही. त्यासाठी तो रीतसर अनइन्स्टॉल करावा लागतो. आपोआप मांडणी करण्याचा पर्याय बंद ठेवता येतो. आणि जुना संगणक कोणाला देताना आपले खेळ व आपली खाती आठवणीने काढून द्यावीत. नोव्हेंबर 2024 पासून या सॉफ्टवेअरची जागा त्याच कंपनीच्या ‘एनव्हिडिया ॲप’ने घेतली आहे. पडदा बदलला तरी यादी वाचण्याची रीत तीच ठेवावी. आणि मुलाला आधी विचारावे. विचारल्यावर तो जे सांगेल ते पुरते ऐकावे.

संगणकाशेजारी आता एक वही दोरीने बांधलेली असते. कोणी, केव्हा, कशासाठी संगणक उघडला याची नोंद तीत होते. ही सूचना त्या विद्यार्थ्याचीच. “म्हणजे पुढच्या वेळी कुणावर येणार नाही, सर,” असे तो म्हणाला होता. दहावी उत्तीर्ण होऊन तो आता तंत्रनिकेतनात शिकतो आहे. वहीतील पहिली नोंद त्याच्या हस्ताक्षरात आहे, आणि दुसरी आमच्या.