पहिली एसटी आली, आभार कुणाचे?

मंडळी, १ जानेवारी २०२५ ची बातमी आठवत असेल. एटापल्ली तालुक्यातल्या गर्देवाड्याला स्वातंत्र्यानंतर ७७ वर्षांनी पहिल्यांदा एसटी गेली. मुख्यमंत्री स्वतः त्या बसमध्ये बसले. त्याच वर्षी जुलैमध्ये भामरागड तालुक्यातल्या मरकणारला बस पोहोचली. लोक हातात तिरंगा घेऊन स्वागताला उभे होते. अशी बातमी लिहिताना हात आनंदानं चालतो, खोटं कशाला बोलू. पण आपल्याकडे नवं काही आलं की दुसऱ्या दिवशी चौकात फ्लेक्स लागतो. आभार, आभार, आभार. खाली साहेबांचा फोटो, त्याखाली कार्यकर्त्यांचे पंचवीस फोटो.

तेव्हापासून मला एक जुनी प्रार्थना आठवून रायली आहे.

नागपुरात पत्रकारितेचा डिप्लोमा करत होतो, तेव्हा खोलीवर अलिबागकडचा एक मित्र राहायचा. बेने इस्राएल, म्हणजे आपले कोकणातले मराठी ज्यू. घरी मराठीच बोलायचा. या लोकांचा जुना धंदा तेलाच्या घाण्याचा. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावानं त्यांना नाव दिलं शनिवार तेली. मोसमातलं पहिलं संत्रं आम्ही आणलं की तो सोलायचा, हातात धरायचा आणि दोन क्षण काहीतरी पुटपुटायचा. आम्ही तोवर अर्धं खाऊन मोकळे! एकदा विचारलं, तर म्हणाला, "हे शेहेहेयानू. वर्षातलं पहिलं फळ, नवा कपडा, नवं घर, सणाची पहिली संध्याकाळ, असं काही आलं की म्हणायचं."

तालमूदमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्राचीन धर्मग्रंथात, या प्रार्थनेचा उल्लेख आहे. अर्थ साधा आहे. देवा, तू आम्हाला जगवलंस, सांभाळलंस आणि या दिवसापर्यंत पोचवलंस, म्हणून तुझे आभार. माणूस एकटा असला तरी शब्द 'आम्हाला' हाच. मोठं शुभकार्य असलं की त्यांच्याकडे मलिदा करतात. पोहे, खोबरं, साखर, फळं असं ताट भरायचं, एलियाहू हन्नाबीचं नाव घ्यायचं आणि सगळ्यांनी वाटून खायचं.

आता आपल्याकडे बघा. माडिया गावात झाडाला आंबे लटकलेले असतात, पण मरका पंडुम झाल्याशिवाय खात नाहीत. आधी देवाला, पूर्वजांना, मग सगळ्या गावानं मिळून. नव्या धानाचंही तसंच. कोकणातल्या तेल्यानं आणि भामरागडच्या माडियानं एकमेकांचं तोंड पाहिलं नसेल, पण नव्या फळापुढे दोघंही थांबतात. पहिला घास माझ्या एकट्याचा नाही, हे दोघांनाही ठाऊक आहे.

मला त्या प्रार्थनेतला 'पोचवलंस' हा शब्द सगळ्यात जड वाटतो. कारण जो पोचला तो म्हणतो, आणि जे पोचले नाहीत त्यांचीही आठवण त्यात येतेच. पर्लकोटेला पूर आला की भामरागडचा रस्ता बंद. बाळंतीण खाटेवर टाकून नाल्यातून नेली जाते. किती जणी दवाखान्यापर्यंत पोचल्या नाहीत, हे आपण दर पावसाळ्यात छापतो आणि विसरतो. बसच्या गावातल्या एका म्हाताऱ्यानं मला एवढंच सांगितलं, "बस आली जी, चांगलं झालं. माही बुढी असती तं बसली असती."

त्याच्या या वाक्यात आनंद होता, आभारही होते. लाचारी नव्हती.

माझं म्हणणं एवढंच आहे. सरकारचे आभार मानू नका असं मी म्हणत नाही. रस्ता झाला, त्यामागे मजूर आहेत, पहारा देणारे जवान आहेत, त्या वळणांवर गाडी काढणारा ड्रायव्हर आहे, अर्ज करून करून थकलेले गावकरी आहेत. सगळ्यांना धन्यवाद. पण बस हा हक्क आहे, कुणी दिलेला प्रसाद नाही. प्रसाद घेतला की माणूस हात जोडून गप्प बसतो. मग बस चार दिवस आली नाही तर विचारणार कोण?

धानोरा तालुक्यातलं मेंढा (लेखा) बघा. २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला, सुमारे १,८०० हेक्टर जंगल. तरी बांबूच्या वाहतूक परवान्यासाठी भांडावं लागलं. २७ एप्रिल २०११ ला परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हातात आलं. द्यायला केंद्रीय मंत्री जयराम रमेश गावात आले होते. गावानं पाहुण्यांचा मान राखला, पण हक्क मिळाला म्हणून कुणाचं मिंधेपण घेतलं नाही. आनंद करायचा तर असा करावा.

तुमच्या गावात पहिली बस, पहिला दिवा, पहिला नळ कधी आला, हे घरातल्या म्हाताऱ्या माणसाला आजच विचारा. त्या दिवसाची वाट पाहता पाहता कोण कोण गेलं, तेही विचारा. आणि खाली लिहा. फ्लेक्सवर ती नावं कधीच येत नाहीत, निदान इथं तरी येऊ द्या.