आल्बेर कामू : साक्ष आणि मौन

आल्बेर कामूचे नाव निघाले की सिसिफसची शिळा आठवते, आईच्या अंत्यविधीला न रडणारा मर्सो आठवतो आणि चर्चा पाहता पाहता जीवनाच्या निरर्थकतेकडे वळते. तत्त्वचिंतकाच्या या सावलीत कामूमधला वार्ताहर झाकला जातो. वस्तुतः त्याच्या कादंबरीचे मर्म, आणि तिची मर्यादाही, जाणून घ्यायची तर या वार्ताहराकडेच जावे लागते.

कामूचा जन्म ७ नोव्हेंबर १९१३ रोजी फ्रेंच अंमलाखालील अल्जीरियात झाला. पुढच्याच वर्षी वडील महायुद्धात कामी आले. कमी ऐकू येणारी, निरक्षर आई अल्जिअर्सच्या बेलकूर वस्तीत राहून लोकांच्या घरची झाडलोट करी. सतराव्या वर्षी जडलेल्या क्षयाने पुढे अध्यापकीची वाट बंद केली आणि १९३८ मध्ये तो ‘अल्जे रेपुब्लिकँ’ या नव्या दैनिकात दाखल झाला.

जून १९३९ मध्ये काबिली या डोंगराळ प्रदेशातील दैन्यावर त्याने लेखमाला लिहिली. दहा-बारा तासांच्या श्रमाला सहा ते दहा फ्रँक मजुरी मिळते, तिझी-उझू येथे मुले कचऱ्याच्या डब्यासाठी कुत्र्यांशी झगडतात, हे त्याने पाहिले आणि तसेच लिहिले. त्या मजुरीला गुलामगिरी म्हणायलाही तो कचरला नाही. जानेवारी १९४० मध्ये त्याच्या संपादकत्वाखालील ‘सुआर रेपुब्लिकँ’ सरकारने बंद केले आणि त्याला पॅरिसची वाट धरावी लागली. पुढे जर्मन अंमलातील फ्रान्समध्ये ‘कोंबा’ हे गुप्तपणे निघणारे पत्र त्याचे झाले. ८ ऑगस्ट १९४५ रोजी, हिरोशिमाच्या संहारानंतर दोनच दिवसांनी, इतर पत्रे विज्ञानाचा जयघोष करीत असता कामूच्या अग्रलेखाने त्या कृत्याचा धिक्कार केला.

‘ला पेस्त’ या १९४७ च्या कादंबरीत राँबेर नावाचा पॅरिसचा वार्ताहर अरबांच्या राहणीमानाची पाहणी करण्यासाठी ओराँ शहरात येतो. संपूर्ण सत्य छापण्याची मुभा आहे काय, असे डॉक्टर रिये त्याला विचारतो. तशी ती नाही हे कळताच माहिती देण्याचे नाकारतो. अर्धी साक्ष देण्यापेक्षा न दिलेली बरी, हा वार्ताहर कामूचाच बाणा होय. परंतु पुढे प्लेग पसरतो, राँबेर शहरात अडकतो आणि ती पाहणी राहून जाते ती कायमचीच. या कादंबरीत नाव असलेले एकही अरब पात्र नाही. ‘लेत्रांजे’ या १९४२ च्या कादंबरीत मर्सोच्या गोळीला बळी पडणारा अरबही अनामच राहतो. कॉनॉर क्रूझ ओब्रायन या समीक्षकाने १९७० मध्ये या उणिवेवर बोट ठेवले, ते अकारण नव्हे. वार्ताहराने ज्यांची मजुरी मोजली, त्यांना कादंबरीकार नाव देऊ शकला नाही.

१९५४ मध्ये अल्जीरियाचे स्वातंत्र्ययुद्ध पेटले. निरपराध नागरिकांची तरी हत्या होऊ नये, असे आवाहन करण्यासाठी कामू २२ जानेवारी १९५६ रोजी अल्जिअर्सच्या सभेत उभा राहिला. बाहेर फ्रेंच वसाहतवाल्यांचा जमाव त्याच्या मृत्यूच्या घोषणा देत होता. आवाहन व्यर्थ गेले. त्यानंतर या प्रश्नावर तो जाहीरपणे क्वचितच बोलला. मात्र फाशीची शिक्षा झालेल्या अल्जीरियनांसाठी खासगीरीत्या दयेची पत्रे लिहीत राहिला. १९५७ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले, तेव्हा तेथील भाषण त्याने आपले प्राथमिक शाळेतील गुरुजी लुई जेर्मँ यांना अर्पण केले.

या मौनाला कोणी भ्याडपणा म्हटले. पण आईची वस्ती आणि काबिलीचा मजूर, दोन्ही एकाच भूमीत होते, आणि त्यांपैकी एकाची साक्ष दुसऱ्याविरुद्ध देणे त्याला जमले नाही. वसाहतीच्या अन्यायावर इतके स्पष्ट लिहिणारा हा माणूस तिच्या अंताची कल्पना मात्र करू शकला नाही. न्यायबुद्धीलाही जन्मभूमीची सीमा असते ती अशी.

४ जानेवारी १९६० रोजी मोटार-अपघातात त्याचा अंत झाला. सोबतच्या पिशवीत एका अपूर्ण कादंबरीचे हस्तलिखित होते. ‘ल प्रमिए ऑम’ या नावाने ते १९९४ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात बेलकूरची गरिबी आहे, युद्धात मेलेल्या बापाचा शोध आहे आणि ते पुस्तक कधीही वाचू न शकणाऱ्या आईला ते अर्पण केलेले आहे. राहून गेलेली साक्ष तो अखेरीस लिहू लागला होता.