कल्पनेतलं १७६१

दिल्लीच्या द्वारकेतल्या शाळांमध्ये अकरावीच्या वर्गात पानिपत मराठ्यांनी जिंकलेलं असतं. एनसीईआरटीच्या 'हॉर्नबिल' या इंग्रजी पाठ्यपुस्तकात जयंत नारळीकरांची 'द ॲडव्हेंचर' ही कथा आहे. आपल्याला ती 'गंगाधरपंतांचे पानिपत' म्हणून माहीत आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघातानंतर अशा हिंदुस्थानात पोचतात, जिथे पानिपतावर पेशवेपुत्र विश्वासरावांचा जीव घेणारी गोळी कानाजवळून निघून गेलेली असते. तिथे मुंबई तेवढी भाडेपट्ट्याने इंग्रजांकडे आहे आणि दिल्लीचा बादशहा नावापुरता. मी इथे इतिहास शिकवतो. इंग्रजीच्या सरांकडे ही कथा वाचून झाली की मुलं मला गाठतात : "सर, सच में एक गोली से सब बदल जाता?"

यातली काही मुलं हरियाणातल्या गावांतून आलेली असतात. पानिपत त्यांच्या बोलण्यात सहज येतं; इथून ते शंभरेक किलोमीटरवरच आहे. मी त्यांना कथेतला, गोळीनंतरचा भाग पुन्हा वाचायला लावतो. विजयी मराठे युरोपात उगवणारं यंत्रयुग ओळखतात आणि विज्ञान-तंत्रज्ञानाची स्वतःची केंद्रं काढतात. ईस्ट इंडिया कंपनी मदत आणि तज्ज्ञ देऊ करते. मराठे ते स्वीकारतात, पण स्थानिक केंद्रं स्वतःच्या पायावर उभी राहावीत एवढ्यापुरतेच. जेमतेम काही ओळींचा हा मजकूर आहे आणि वाचक तो भराभर ओलांडून जातो. माझ्या मते कथेतल्या त्या संस्कृतीचं खरं वळण तिथे आहे.

याला पुरावा आपल्याच इतिहासात आहे. १४ जानेवारी १७६१ ला पानिपतावर एक पिढी गेली, नानासाहेब पेशवे त्याच वर्षी जूनमध्ये गेले, आणि तरीही दहा वर्षांत, १७७१ मध्ये, मराठे पुन्हा दिल्लीत होते. महादजी शिंद्यांनी बादशहा शाहआलमला परत तख्तावर आणलं आणि १७८४ च्या अखेरीस बादशाहीचा कारभार हाती घेतला. म्हणजे नारळीकरांनी कल्पिलेली दिल्ली, नामधारी बादशहा आणि मराठ्यांची सत्ता, ही प्रत्यक्षात आली होती. पुढे रोहिला सरदार गुलाम कादिरने शाहआलमचे डोळे काढले, तरी महादजींनी दिल्ली पुन्हा घेतली. पराभव होऊनही राजकारण जवळजवळ कथेतल्यासारखंच घडलं. घडली नाहीत ती केंद्रं.

महादजींना नव्या युद्धतंत्राची गरज पुरती कळली होती. त्यांनी द बॉइन या सॅव्हॉयच्या सेनानीकडून कवायती पलटणी उभ्या केल्या; आग्र्याला सँग्स्टर नावाच्या स्कॉटिश माणसाच्या देखरेखीखाली तोफा ओतल्या जाऊ लागल्या. हा तोफखाना कच्चा नव्हता. लासवारीच्या लढाईनंतर खुद्द इंग्रज सेनापती जनरल लेकने त्याची तारीफ केली. मात्र पलटणींचे वरचे अधिकारी युरोपियन राहिले, आणि त्यांची जागा घेतील अशी आपली माणसं तयार करणारी एकही शाळा निघाली नाही. १८०३ मध्ये युद्ध तोंडावर आलं तेव्हा शिंद्यांच्या चाकरीतले इंग्रज अधिकारी सोडून गेले. अलीगढ पडल्यावर शिंद्यांचा सेनापती पेराँ इंग्रजांच्या आश्रयाला गेला. ११ सप्टेंबरला यमुनेपलीकडे पटपडगंजची लढाई झाली आणि दिल्ली गेली. विश्वासरावांना लागलेल्या गोळीपेक्षा मला हे जास्त सलतं. गोळी कुणाच्या हातात नव्हती. शाळा काढणं हातात होतं.

छपाईचंही तेच. गोव्यात छापखाना १५५६ मध्ये आला. थॉमस स्टीफन्सचं मराठी ख्रिस्तपुराण १६१६ मध्ये छापून निघालं, तेव्हा शिवाजी महाराजांचा जन्मही झाला नव्हता. इकडे देशावर गीता तांब्याच्या पत्र्यावर कोरून छापली गेली ती मिरजेला, १८०५ मध्ये. म्हणजे कोरणारे हात होते आणि त्यांना पाठबळ देणारे सरदारही होते, तरी मधली जवळजवळ अडीचशे वर्षं गेली. बखरींच्या नकला हातानेच होत राहिल्या. कथेतल्या गंगाधरपंतांना एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात वेगळा इतिहास छापील पुस्तकांत सापडतो, ही गोष्ट मला म्हणूनच फार मोलाची वाटते.

नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यात गेले. पर्यायी इतिहास म्हटलं की बहुतेक लेखक जिंकलेल्या लढाईवर थांबतात. नारळीकरांनी जिंकलेल्यांना पुढे प्रयोगशाळेकडे नेलं. कथेतलं हे गणित एका वैज्ञानिकालाच सुचावं.

मराठी माणूस दिल्लीला आला की पानिपतला काळा आंब हे युद्धस्मारक पाहून येतो, आणि त्याने जावंच. पण एक विनंती आहे. द्वारकेतून मेट्रोची ब्लू लाइन थेट नोएडाला जाते. तिथे 'गोल्फ कोर्स' नावाचं स्टेशन आहे आणि त्या गोल्फ कोर्सच्या आवारात पटपडगंजच्या लढाईचा स्मारकस्तंभ उभा आहे. मुलांना तोही दाखवा. १४ जानेवारीबरोबर ११ सप्टेंबर ही तारीखही त्यांना सांगा, आणि त्या दिवसाआधी वीस वर्षं आपण काय शिकून घ्यायला हवं होतं, हे त्यांच्याकडूनच वदवून घ्या.