सहीनंतरचा सिनेमा

मुंबईतल्या झोपडपट्ट्यांच्या पाडकामावर आनंद पटवर्धन यांनी १९८५ साली ‘हमारा शहर’ केला. त्यात झोपडं गमावलेली एक बाई चित्रीकरण करणाऱ्यांवरच भडकते. गरिबांची चित्रं काढून नेता, त्यातून आमचं काय भलं होणार, असा तिचा रोख. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. माहितीपट करू पाहणाऱ्या प्रत्येकाने तो पाहावा, कारण या कामातला सगळ्यात अवघड प्रश्न तिने कॅमेऱ्यासमोरच विचारून ठेवला आहे.

माहितीपटात स्वतः म्हणून दिसणाऱ्या माणसाला पाठ करायला संवाद नसतात, मानधन बहुधा नसतं आणि शेवटी पुसून टाकायला रंगही नसतो. चित्रीकरण आटोपून मंडळी निघून जातात. तो मात्र त्याच वस्तीत, त्याच नावाने राहतो. संमतिपत्रावर त्याची सही सहसा आधीच घेतात. पण सिनेमा आकार घेतो तो संकलनात. कित्येक तासांच्या चित्रणातून तास-दीड तास उरतो आणि काय ठेवायचं ते दिग्दर्शक ठरवतात. सही झाली तेव्हा यातलं काहीच अस्तित्वात नसतं.

‘रायटिंग विथ फायर’च्या वेळी हा पेच उघड्यावर आला. उत्तर प्रदेशातल्या ‘खबर लहरिया’च्या महिला पत्रकारांवरचा, रिंटू थॉमस आणि सुश्मित घोष यांचा हा माहितीपट २०२२ मध्ये ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचला. सोहळ्याच्या तोंडावर खुद्द खबर लहरियाने निवेदन काढलं: सिनेमा प्रभावी आहे, पण आमचा सगळा भर एकाच राजकीय पक्षाच्या बातम्यांवर असल्याचं त्यातलं चित्र बरोबर नाही. संस्था २००२ पासून गावोगावच्या बातम्या देते आहे. दिग्दर्शकांना आपली नजर असतेच, असायलाही हवी. तरीही ज्यांना उद्या पुन्हा त्याच गावांत बातमीसाठी फिरायचं आहे, त्यांच्या हरकतीचं वजन जास्त.

निशा पाहुजा यांनी ‘टू किल अ टायगर’मध्ये वेगळी वाट धरली. झारखंडमधल्या १३ वर्षांच्या मुलीवर झालेला सामूहिक बलात्कार आणि तिच्या वडिलांनी दिलेला न्यायाचा लढा, हा त्याचा विषय. मुलीची ओळख झाकायचा विचार आधी होता. १८ वर्षांची झाल्यावर तिने सिनेमा पाहिला आणि चेहरा दाखवायचं स्वतः ठरवलं. ते ठरवताना तिच्यापुढे अख्खा सिनेमा होता.